ओवींतील उतराई

'आभार' या मराठी शब्दांत भार आहे. इंग्रज मनुष्य चहाचा पेला पुढें केला असतां दोन शब्द उच्चारून मोकळा होतो. आपल्याकडे आईनें पान वाढलें म्हणून तिचे आभार मानणारा मुलगा आजहि घरांत थट्टेचाच विषय होईल. 'धन्यवाद' हा शब्द सभेंत, पत्रांत आणि कचेरींत शोभतो. माजघरांत तो जोडे घालून शिरल्यासारखा वाटतो. एवढ्यावरून मराठी माणसास कृतज्ञतेचें वावडें आहे असें अनुमान एखाद्या परक्यानें काढलें तर त्यास फारसा दोष देतां येणार नाहीं. परंतु त्यानें आमचे वाक्प्रचार एकदां चाळून पाहावे. आम्ही उपकार फेडतों, आईबापांचे पांग फेडतों, कोणाच्या ऋणांत राहतों, कोणाचे उतराई होतों. हे सारे शब्द एक तर सावकाराच्या वहींतले आहेत, नाहीं तर ओझें वाहणाऱ्याच्या पाठीवरचे आहेत. कृतज्ञता ही येथें मनाची गोड अवस्था नसून डोक्यावरचें देणें आहे. आणि देणें फेडावयाचें तर हातपाय हालवावे लागतात. मराठींतील कृतज्ञतेच्या काव्याची परीक्षा करतांना हा भेद डोळ्यांपुढें ठेविल्यावांचून त्या काव्याचें बळ कशांत आहे हें समजत नाहीं, असें आमचें मत आहे.

हा भेद आज सांगण्यास कारण घडलें आहे. सुशिक्षित घरांतून हल्लीं कृतज्ञतेची रोजनिशी ठेवण्याची रीत आली आहे. रात्रीं निजण्यापूर्वी दिवसांतल्या तीन किंवा पांच सुखाच्या गोष्टी लिहाव्या, म्हणजे मन प्रसन्न राहतें व दुसऱ्या दिवशीं कामास हुरूप येतो, असें तिचे पुरस्कर्ते सांगतात. या रीतीस शास्त्राचा आधार नाहीं असें नाहीं. रॉबर्ट एमन्स व मायकेल मॅकलो या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनीं २००३ सालीं प्रसिद्ध केलेल्या निबंधांत विद्यार्थ्यांच्या तीन गटांची हकीकत दिली आहे. एका गटाकडून आठवड्यांतील कृतज्ञतेच्या गोष्टी, दुसऱ्याकडून कटकटी व तिसऱ्याकडून नुसत्या घडामोडी दहा आठवडे लिहवून घेतल्या. पहिल्या गटांतील विद्यार्थी अधिक आशावादी आढळले, त्यांच्या शारीरिक तक्रारी कमी होत्या आणि ते व्यायामहि अधिक करीत. आम्हांस या निष्कर्षाची चेष्टा करावयाची नाहीं. ज्यास त्या वहीनें झोंप चांगली येते त्यानें ती अवश्य लिहावी. साहित्याच्या दृष्टीनें मात्र तिच्यांत एक उणीव राहते. ती वही लिहिणाराच वाचतो. ज्याचें देणें लागतों त्याच्यापर्यंत ती पोंचत नाहीं, आणि पुष्कळदां त्याचें नांवहि तिच्यांत नसतें. 'आज चहा चांगला झाला' असें वाक्य असतें. चहा कोणीं केला हें नसतें.

याच्या अगदीं उलट जाणारें एक वाङ्मय गोदावरीच्या कांठीं झालें आहे. वर पैठण, खालीं गंगाखेड, आणि या दोहोंच्या मधल्या टापूंत, नदीच्या उत्तरेस, जालना जिल्ह्याच्या घनसावंगी तालुक्यांतील तीर्थपुरी. समर्थ रामदासांचें जन्मगांव जांब याच तालुक्यांत. जायकवाडीच्या डाव्या कालव्यानें या पट्ट्यांत ऊंस आला, मोसंबीच्या बागा वाढल्या, आणि २०१२-१३ च्या दुष्काळानें जिल्ह्यांतल्या कितीएक बागा जाळूनहि टाकल्या. आमच्याकडे शिकणाऱ्या, तीर्थपुरीच्या बाजूच्या कांहीं विद्यार्थ्यांनीं सुटींत घरच्या व शेजारच्या वृद्ध स्त्रियांकडून जात्यावरील ओव्या लिहून आणल्या. त्या वह्या वाचीत असतां या लेखाचा विषय आमच्या मनांत ठरला. जातीं आतां कोपऱ्यांत पडून आहेत. लग्नघरांत हळदीच्या दिवशीं तेवढें एखादें धुऊन पुसून पुढें घेतात. दळण गिरणींत जातें. ओव्या मात्र म्हाताऱ्या बायकांच्या तोंडीं अजून आहेत. मागितल्या तर 'काय करायच्यात त्या?' असें आधीं म्हणतात, आणि एकदां लागल्या म्हणजे लिहिणाऱ्याचा हात दुखेपर्यंत थांबत नाहींत.

जात्यावरील ओवी ही काम चालू असतां होणारी कविता आहे, हें सर्वांस ठाऊक आहे. पण त्या कामाचें वजन पुरुष वाचकांच्या ध्यानांत क्वचितच येतें. घर उठण्यापूर्वी, अंधारांत बसून, त्या दिवसाच्या भाकरीपुरते जोंधळे किंवा बाजरी दळावयाची. एका हातानें खुंटा ओढावयाचा, दुसऱ्यानें मूठ मूठ वैरण घालावयाची. श्वास पुरवून वापरावा लागतो, म्हणून ओवीचा चरण लहान असतो, आणि जात्याच्या फेऱ्यानें तिची लय ठरते. अशा श्रमांत गाणारी बाई कोणास आठवते? पहिल्या ओव्या ती देवास, तुळशीस, उगवत्या सूर्यास वाहते, आणि त्याच पंगतींत बसवून जात्यासहि ईश्वर म्हणते. ज्या दगडानें तिच्या मनगटांचे हाल केले त्यास ती देव म्हणते, हें वाचून शहरी वाचकास गहिंवर येतो. आम्हांस येथें गहिंवरापेक्षां कुतूहल अधिक वाटतें. कारण लगेच ती त्या देवाची चौकशी करते: तूं कोणत्या डोंगराचा, तुला येथें कोणीं आणलें? जातेंहि आपलें ठिकाण सोडून परक्या घरीं आलेलें आहे. ही पूजा नव्हे, ही ओळख आहे. एका घरीं आणून बसविलेल्या दोघांची.

आमच्या विषयाच्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाची कल्पना आईच्या दुधाची. दळतां दळतां घाम येतो, हात भरून येतात. तेव्हां ओवी म्हणते कीं हें बळ माझें नव्हे, माझ्या आईनें जें दूध पाजलें तें या मनगटांत आहे. या कल्पनेचीं नाना रूपें महाराष्ट्रांत ठिकठिकाणीं आढळतात, तीर्थपुरीच्या वह्यांतहि तीं आहेत. यांत मातृप्रेम आहे एवढें म्हणून टीकाकार बहुधा पुढें जातात. परंतु ही ओवी प्रेम व्यक्त करण्यापलीकडे एक हिशेब मांडीत आहे: हाताला शक्ति कोठून आली याचा. आपण थकलों म्हणजे 'मला जमेल' असें स्वतःस सांगतों. ही बाई थकली असतां दुसऱ्याचें नांव घेते, आणि त्या नांवाबरोबर जोखीमहि घेते. आतां हात थांबला तर कमीपणा तिच्याकडे नव्हे, तिच्या आईकडे जाईल. सासरच्या घरांत ही गोष्ट साधी नव्हती. भाकरी जाड झाली, दळण भरड पडलें, कीं सुनेच्या आधीं तिच्या आईचा उद्धार होत असे. त्या उद्धारास उत्तर देण्याची सोय सुनेस नव्हती. तिचें उत्तर म्हणजे बारीक पीठ आणि ही ओवी. उतराई होणें याचा अर्थ येथें डोळ्यांस दिसतो. आईस परत देण्यासारखें तिच्यापाशीं कांहीं नाहीं. आईची अब्रू तेवढी तिच्या हातीं आहे, आणि ती तिनें पहाटेपासून खुंट्यावर तोलून धरली आहे.

दळण संपत आलें म्हणजे आणखी एक मौज घडते. 'सरलें' हा शब्द उच्चारावयास ती कचरते; सासर आणि माहेर भरलेलें असतां सरलें म्हणूं तरी कशी, असा तिचा प्रश्न असतो. ज्या कामाचा कंटाळा यावयाचा तें काम संपल्याचें सांगावयासहि तिची जीभ रेटत नाहीं. कारण दळण आहे याचा अर्थ घरांत दाणा आहे, आणि खाणारीं माणसें आहेत. दुष्काळ पाहिलेल्या मुलुखांत हें समजावून सांगावें लागत नाहीं.

या ओव्यांचे वेंचे निवडणाऱ्यांनीं मात्र त्यांच्यावर एक अन्याय केला आहे. आई, माहेर, भाऊ आणि बाळ, एवढें गोड तेवढें पाठ्यपुस्तकांत गेलें. कडू मागें राहिलें. वास्तविक तींच तोंडें दोन्ही प्रकार गातात, आणि एकाच बैठकींत गातात. भावानें चोळी घेतली याबद्दल एक ओवी, आणि ती घेतांना भावजयीनें तोंड कसें वांकडें केलें याबद्दल लगेच दुसरी. (भावजयीच्या बाजूच्या ओव्या कोणीं निराळ्या जमविल्यास आम्ही त्या आनंदानें वाचूं.) सासूचा जाच, नवऱ्याचा अबोला, मुलगी म्हणून जन्मास आल्याचा विषाद, हें सारें त्याच जात्यावर येतें. तक्रारीचा मार्ग मोकळा आहे म्हणूनच तेथली कृतज्ञता खरी वाटते. ज्या तोंडास तक्रारीची मुभा नाहीं त्यानें मानलेले उपकार किती खरे, हें कोणीं ठरवावें?

जनाबाईच्या अभंगांकडे याच वाटेनें गेलें पाहिजे. गंगाखेडची ही मुलगी लहानपणींच पंढरपुरास नामदेवांच्या घरीं राहिली व तेथें घरकाम करीत वाढली. तिच्या नांवावरील सुमारें साडेतीनशें अभंगांत विठ्ठल तिच्याबरोबर दळतो, झाडतो, पाणी भरतो, शेणी वेंचतो. कीर्तनकार हा चमत्कार म्हणून सांगतात. आम्हांस तो कामाच्या अनुभवांतून निघालेला दिसतो. मोठ्या जात्यावर दोघी समोरासमोर बसून एकच खुंटा धरतात, हें ज्यानें पाहिलें आहे त्यास अधिक सांगावयास नको. दुसरा हात पडला कीं दगड हलका होतो. जनाबाईच्या जात्यावर दुसरें कोणी नव्हतें. घरचीं इतर माणसें झोंपलेलीं होतीं. देवानें तिला वैकुंठ दाखविलें म्हणून ती उपकार मानीत नाहीं, त्यानें तिचें काम वांटून घेतलें म्हणून मानते. आणि तो आला नाहीं, त्यानें उपेक्षा केली, असें वाटलें म्हणजे ती त्यास चक्क शिव्या देते, तो मेला असें समजून त्याच्या नांवानें बोंब मारावयासहि कमी करीत नाहीं. संतवाङ्मयांत एवढी मोकळी जीभ फार थोड्यांची आहे. विठ्ठलाशीं तिचें नातें याचकाचें नसून एकाच खुंट्यावर हात ठेवणाऱ्या सोबत्याचें आहे, आणि सोबत्यानें दांडी मारली तर त्याची खरडपट्टी निघावयाचीच.

तथापि एक आक्षेप उरतो, आणि तो रास्त आहे. कृतज्ञतेचा उपदेश आपल्याकडे बहुधा वरून खालीं होत आला आहे. धन्यानें चाकरास, सासूनें सुनेस, सवर्णांनीं अस्पृश्यांस 'दोन घास मिळतात त्याचे उपकार स्मरा' असें सांगितलें, आणि त्या स्मरणाच्या दोरीनें त्यांस जागच्या जागीं बांधून ठेविलें. जनाबाई स्वतःस दासी म्हणवीत राहिली. जात्यावरची बाई जात्यावरच राहिली. मग या वाङ्मयाचें कौतुक करणें म्हणजे त्या दोरीसच पीळ घालणें नव्हे काय?

या प्रश्नाचें उत्तर पुस्तकी तर्कानें देण्यापेक्षां गोदा ओलांडून माजलगांवास जावें. बीड जिल्ह्यांतील या गांवच्या भीमनगर वस्तींतील दलित स्त्रियांच्या ओव्या हेमा राईरकर व गी पॉयटवाँ यांनीं १९९६ सालीं ध्वनिमुद्रित केल्या. या दोघांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं महाराष्ट्रांतील हजारावर गांवांतून एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. २०१७ पासून 'पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया' या संग्रहांतून त्या ऐकावयासहि मिळतात. माजलगांवच्या ओव्यांत छंद तोच, चाल तीच, वाहण्याची रीतहि तीच. पण जेथें देवांचीं नांवें यावयाचीं तेथें डॉ. बाबासाहेब आंबेडकर, रमाबाई आणि बुद्ध यांचीं नांवें आलीं आहेत. या कृतज्ञतेस दास्य कोण म्हणेल? १४ ऑक्टोबर १९५६ रोजीं नागपुरास झालेल्या धर्मांतरानें ज्यांनीं जुने देव सोडले त्यांनीं ओवी सोडली नाहीं. निजामी राजवट १९४८ च्या सप्टेंबरांत संपली आणि १९५० सालीं बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीनें औरंगाबादेस महाविद्यालय काढलें, तेंच पुढें मिलिंद महाविद्यालय झालें. मराठवाड्याच्या गांवकुसाबाहेरच्या कितीएक घरांतलीं मुलें तेथें शिकलीं. जेथें ऋणको मनुष्य धनकोच्या पायांशीं बसून राहतो तेथें दास्य असतें. येथें ऋण ज्याचें त्यानेंच उठून चालूं लागण्यास सांगितलें होतें, आणि चालणें हीच त्याची फेड होती. उपकार स्मरावयास कोणीं सांगितलें, आणि स्मरून काय करावयास सांगितलें, हे दोन प्रश्न प्रत्येक कृतज्ञ कवितेस विचारले पाहिजेत. ओव्यांच्या कांहीं वह्या या परीक्षेंत उतरतात, कांहीं उतरत नाहींत.

येथें कोणी म्हणेल कीं प्रेरणेसाठीं उपकारांचें स्मरण कशास हवें? रामदासांचा जांब जवळच आहे, आणि यत्नालाच देवाच्या जागीं बसविणारा त्यांच्यासारखा दुसरा उपदेशक मराठींत नाहीं. तें खरें आहे, आणि आळशी समाजास तो उपदेश नेहमींच हितकर आहे. परंतु यत्न कसा करावा हें दासबोध सांगतो. कंटाळवाणें, मोबदला नसलेलें, दुसऱ्याच्याच नांवावर जमा होणारें काम मनुष्य कां करीत राहतो, याचा उलगडा केवळ यत्नाच्या उपदेशानें होत नाहीं.

अशा कामाचा सर्वांत मोठा दाखला पैठणास आहे. एकनाथांनीं शके १४९५ मध्यें, म्हणजे १५७३ सालीं, काशींत आपलें भागवत पुरें केलें. अठरा हजारांहून अधिक ओव्यांचा तो ग्रंथ. एवढें यश पदरीं पडलेल्या ग्रंथकारास पुढें दुसरा स्वतंत्र ग्रंथ लिहावा असें वाटणें स्वाभाविक होतें. भावार्थरामायण त्यांनीं हातीं घेतलेंहि; पण त्यांच्या हातून मध्यें एक निराळेंच काम झालें. १२९० सालची ज्ञानेश्वरी तोंवर सुमारें तीनशें वर्षांची झाली होती आणि नकलकारांच्या हातांत तिचे पाठ बिघडले होते. नाथांनीं निरनिराळ्या पोथ्या ताडून शके १५०६ मध्यें, म्हणजे १५८४ सालीं, तिची शुद्ध प्रत सिद्ध केली, आणि तींत पुढें कोणीं पदरची ओवी घालूं नये असें बजावून ठेविलें. ज्याच्या हातांत तशी ओवी घालण्याचें सामर्थ्य सर्वांत अधिक होतें त्यानें हें बजावावें, यांत आम्हांस नाथांच्या सर्व ग्रंथांइतकेंच महत्त्व वाटतें. ज्ञानेश्वरांनीं स्वप्नांत येऊन गळ्यास लागलेली अजानवृक्षाची मुळी काढावयास सांगितलें व त्यावरून नाथ आळंदीस गेले, अशी आख्यायिका आहे. तिचा ऐतिहासिक खरेपणा कांहींहि असो, संपादनाच्या कामाचें तिच्याइतकें नेमकें वर्णन आम्हांस अन्यत्र आढळलें नाहीं. गळ्याभोंवतींची मुळी सोडवावयाची, आणि समाधीस धक्का लागूं द्यावयाचा नाहीं. असलें काम कीर्तीच्या आशेनें होत नाहीं. नाथांच्या अभंगांची मुद्राच पाहावी. स्वतःच्या नांवाशेजारीं गुरु जनार्दनस्वामींचें नांव घातल्यावांचून ते सहीच करीत नाहींत. जनाबाईहि आपल्या नांवापूर्वीं नामदेवांचें घालते. कवितेखालीं कवीचें नांव यावयाचें त्या ठिकाणींच धनकोचें नांव लिहिण्याची ही पद्धत मराठी संतकाव्यांत इतकी रुळलेली आहे कीं तिच्यांत कांहीं विशेष आहे हेंच आपण विसरलों आहों.

आणि ओवी गाणाऱ्या बाईचें नांव? तिनें आईचें, भावाचें, देवाचें, जात्याचें नांव घेतलें. तिचें कोणीं घेतलें? पुष्कळशा संग्रहांतून ओव्यांखालीं 'लोकगीत' एवढाच शब्द असतो. कमलाबाई देशपांडे यांनीं स्त्रीगीतांवरील आपल्या ग्रंथास 'अपौरुषेय वाङ्मय' असें मार्मिक नांव दिलें. तें वाङ्मय पुरुषांनीं रचलेलें नाहीं, हा त्या शब्दांतला विनोद सर्वांच्या लक्षांत आला. तें कोणा तरी अमुक बाईनें रचलें अथवा राखलें, ही दुसरी बाजू मात्र संग्राहकांनीं फारशी मनावर घेतली नाहीं. राईरकर व पॉयटवाँ यांचें काम आम्हांस मोठें वाटतें तें केवळ लाखाच्या आंकड्यानें नव्हे. ओवीबरोबर गाणारणीचें नांव आणि गांव टिपण्याची शिस्त त्यांनीं पाळली म्हणून. पदव्या आणि मानपत्रें घेतलेल्या आम्हां शिक्षित वर्गावर या बायकांचें जें ऋण आहे त्याची पहिली फेड एवढीच आहे, आणि तिला खर्च कांहीं नाहीं.

तीर्थपुरीच्या वह्यांत आम्हीं प्रत्येक ओवीपुढें नांवाचा रकाना आंखावयास सांगितला होता. बहुतेक ठिकाणीं तो भरलेला आहे. कांहीं जणींनीं आपलें नांव न सांगतां अमक्याची आई एवढेंच सांगितलें. एका वृद्ध बाईनें शंभरावर ओव्या सांगितल्या आणि नांव विचारतांच आपल्या आईचें सांगितलें. ओव्या तिच्या आहेत, आपण नुसत्या म्हटल्या, असें तिचें म्हणणें पडलें. विद्यार्थी अडखळला. अखेर त्यानें एकाच रकान्यांत दोन्ही नांवें लिहिलीं, आधीं आईचें, खालीं मुलीचें. आणि जागा पुरेना म्हणून गांवाचें नांव समासांत गेलें.